रस गोठवताना

बर्फाच्या गोळ्यात बर्फ आधी होतो आणि चव नंतर येते. लादी किसायची, काडीभोवती गोळा दाबायचा, वरून कालाखट्टा नाहीतर गुलाबाचा पाक ओतायचा. चार-सहा वेळा चोखला की पाक संपतो, काडीला पांढरा बेचव बर्फ उरतो आणि आपण गोळेवाल्यापुढे हात करून आणखी पाक मागतो. दक्षिण इटलीतून अमेरिकेत गेलेल्या माणसांनी जो थंड पदार्थ तिथल्या गल्ल्यांत विकायला आणला, त्याचा क्रम उलटा आहे. फळाचा रस, साखर आणि पाणी आधी एकजीव करायचं, ते मिश्रणच गोठवायचं आणि गोठत असताना हलवत राहायचं. मग बर्फाच्या प्रत्येक कणाभोवती रसाचा पातळ थर राहतो आणि कपातला शेवटचा चमचाही पहिल्याइतकाच लिंबाचा लागतो. न्यूयॉर्ककडे याला इटालियन आइस म्हणतात, फिलाडेल्फियात वॉटर आइस. मूळ कृतीत दूध नाही, साय नाही, अंडं नाही. घरच्या फ्रिजमध्ये, घरच्या भांड्यांत आणि आपल्या बाजारातल्या फळांनी हा पदार्थ कसा करायचा, ते या पुस्तकात सांगितलं आहे.

पुढच्या पानांतल्या कृती चार-पाच ओळींच्या आहेत. प्रस्तावना लांब आहे आणि ती मुद्दाम लांब ठेवली आहे. तीनच जिन्नस असलेल्या पदार्थात चूक झाकायला जागा नसते. आइस्क्रीममध्ये साय आणि हवा बरंच सांभाळून घेतात. इथे साखर थोडी कमी पडली की डब्यात दगड तयार होतो आणि थोडी जास्त झाली की रात्रभर ठेवूनही गाळ राहतो. शिवाय एकाच झाडाचे दोन आंबे सारखे गोड नसतात, त्यामुळे छापील कृती जशीच्या तशी केली तरी यशाची खात्री नाही. साखर या मिश्रणात नेमकं काय काम करते हे एकदा कळलं, तर कुठल्याही फळाचं, कुठल्याही हंगामातलं वॉटर आइस कृती न बघता करता येतं. वाचकाला ती मोकळीक मिळावी, हाच हे लिहिण्यामागचा हेतू आहे.

पण साखरेच्या आधी थंडी कशी मिळवली ते पाहू, कारण या पदार्थाचा जुना इतिहास म्हणजे थंडी साठवण्याचा इतिहास आहे. सिसिली हे भूमध्य समुद्रातलं उष्ण बेट, आणि त्याच बेटावर तीन हजार मीटरहून उंच एटना ज्वालामुखी उभा आहे. हिवाळ्यात त्याच्या उतारांवर बर्फ पडायचं. एटनावर आणि बेटावरच्या इतर डोंगरांत ते गोळा करून खोल खड्ड्यांत किंवा दगडी कोठ्यांत थरावर थर दाबून भरायचे आणि वर पेंढा, नेचे पसरायचे. या कोठ्यांना नेव्हिएरे म्हणत आणि हे काम करणाऱ्यांना नेव्हारोली. उन्हाळ्यात त्या घट्ट झालेल्या बर्फाच्या लाद्या कापून, गुंडाळून, खेचरांवर लादून रात्रीच्या गारव्यात किनाऱ्याकडच्या शहरांत उतरवायच्या. आग्नेय सिसिलीतल्या बुकेरी या डोंगरी गावाच्या परिसरात अशा जुन्या कोठ्या आजही बघायला मिळतात. पॅट्रिक ब्रायडन हा स्कॉटिश प्रवासी १७७० मध्ये सिसिलीत फिरला. १७७३ मध्ये छापलेल्या प्रवासवर्णनात त्याने लिहिलं आहे की एटनाच्या बर्फाच्या विक्रीतून कातानियाच्या बिशपला चांगलं उत्पन्न मिळे आणि हे बर्फ माल्टापर्यंत जाई. आग्रिजेंतोच्या बिशपकडल्या मेजवानीत त्याने पीच, अंजीर, संत्री यांच्या आकारात गोठवलेली आइसेस पाहिली. नवख्या माणसाला ती खरी फळंच वाटावीत इतकी हुबेहूब.

बर्फ मिळालं म्हणून रस गोठत नाही, हे ज्याने घरी करून पाहिलं त्यालाच नीट समजतं. वितळू लागलेलं बर्फ शून्य अंशावर असतं, आणि गोड रस शून्यावर गोठत नाही. त्याला आणखी थंडी लागते. ती मीठ देतं. बर्फात मीठ मिसळलं की बर्फ वेगाने वितळू लागतं, वितळण्यासाठी लागणारी उष्णता आजूबाजूने ओढून घेतं आणि बर्फ-मिठाचा तो लगदा शून्याच्या बराच खाली जातो. साधं मीठ आणि बर्फ योग्य प्रमाणात असेल तर उणे २१ अंशांपर्यंत. नेपल्सच्या जांबात्तिस्ता देल्ला पोर्ता याने १५८९ च्या आपल्या ग्रंथात बर्फ आणि सोरा वापरून वाइन गोठवण्याची युक्ती दिली आहे. त्याच सुमारास इकडे अकबराच्या दरबारात सोऱ्याने पाणी गार करत असल्याचं अबुल फजलने आईने-अकबरीत नोंदवलं आहे.  नेपल्समध्ये त्याच विद्येतून पुढच्या शंभर वर्षांत सोर्बेत्तो, म्हणजे गोठवलेला गोड रस, घडला.

१६९२ आणि १६९४ मध्ये नेपल्सला दोन खंडांत छापलेल्या आंतोनियो लातिनी याच्या ग्रंथात सोर्बेत्तोच्या कृती आहेत. लातिनी बड्या घरातला मुदपाकाचा कारभारी होता. नेपल्समध्ये प्रत्येक जण ही कला जन्मतःच घेऊन येतो, अशा अर्थाचं त्याने कौतुकाने लिहिलं आहे. मला त्याच्या लिंबाच्या कृतीत एक गोष्ट फार आवडते. साखर आणि लिंबं यांच्याच रांगेत तो मीठ आणि बर्फ यांचंही माप देतो. थंडी हासुद्धा जिन्नस आहे आणि तोही मोजून घ्यायचा असतो, हे त्याला पक्कं ठाऊक होतं. १७७५ मध्ये फिलिप्पो बाल्दिनी या वैद्याने फक्त सोर्बेत्तोवर एक पुस्तक लिहिलं आणि त्यात आंबट फळांचे, सुगंधी आणि दुधाचे असे वर्ग पाडले. आजच्या वॉटर आइसचं कूळ त्यातल्या पहिल्या वर्गात सापडतं.

सिसिलीत हा पदार्थ ग्रानिता म्हणून राहिला आणि आजही तो तिथला सकाळचा नाश्ता आहे. मेस्सिना, कातानिया, आचिरेआले इथे उन्हाळ्यात लोक काचेच्या पेल्यात ग्रानिता घेतात आणि वर छोटी टोपी असलेला मऊ ब्रिऑश पाव त्यात बुडवून खातात. लिंबू, बदाम, कॉफी, काळी तुती या नेहमीच्या चवी. ग्रानिताचे कण जिभेला जाणवतात, आणि ते तसे जाणवणं अपेक्षितच असतं. अमेरिकेत गेल्यावर हाच पदार्थ फिरत्या डब्यात घोटला जाऊ लागला आणि अधिक मऊ झाला. साधारण १८८० ते १९२० या काळात सुमारे ४० लाख इटालियन अमेरिकेत उतरले, त्यातले बहुतेक दक्षिणेकडचे. एकोणिसाव्या शतकात सिसिलीची लिंबंही बोटी भरभरून न्यूयॉर्कला जात होती, म्हणजे माणसं पोचली तेव्हा त्यांच्या गावाचं फळ तिथल्या धक्क्यावर आधीच उतरत होतं. त्यात कारखान्यात तयार झालेला बर्फ स्वस्त झाला. डोंगर, खेचर आणि कोठी यांची गरज संपली आणि बिशपच्या ताटातली गोष्ट गल्लीतल्या पोराच्या हातात आली.

त्या पिढीने उघडलेल्या विक्रीच्या कितीतरी खिडक्या नंतरही चालत राहिल्या. न्यू जर्सीच्या एलिझाबेथ गावात दिकॉस्मो कुटुंबाचं छोटं दुकान १९१५ पासूनचं आहे. दक्षिण फिलाडेल्फियात ऑरेगन अव्हेन्यूवरचं पॉप्स १९३२ मधलं, तर क्रिश्चियन स्ट्रीटवरचं जॉन्स १९४५ मधलं. न्यूयॉर्कच्या क्वीन्स भागात कोरोना वस्तीतलं लेमन आइस किंग १९४४ पासून नावाजलेलं आहे आणि तिथला नियम असा की एका कपात दोन चवी मिसळून मिळणार नाहीत. मला हा नियम मनापासून पटतो. लिंबाशेजारी चेरी ठेवली की दोन्हींचं पाणी एकमेकांत उतरतं आणि कोणाचीच चव धड उरत नाही. फिलाडेल्फियात कागदी कप तळाशी दाबून वॉटर आइस वर ढकलत खातात, सोबत खारट मऊ प्रेट्झेल असतो आणि शेवटी वितळलेला रस पिऊन टाकतात. न्यू जर्सीतल्या एडिसनसारख्या गावांत आता मराठी घरं पुष्कळ आहेत आणि त्यांच्या मुलांना उन्हाळा म्हटलं की इटालियन आइस आधी आठवतो. या पुस्तकाची मागणी पहिल्यांदा त्या घरांतूनच आली.

फिलाडेल्फियाशी आपलं एक जुनं नातंही आहे. त्या शहरातल्या नॅन्सी जॉन्सन या बाईंना ९ सप्टेंबर १८४३ रोजी हाताने फिरवायच्या गोठवणयंत्राचं अमेरिकन पेटंट मिळालं. बाहेर लाकडी बादली, आत धातूचा उभा डबा, मधल्या फटीत बर्फ आणि मीठ, आणि दांडा फिरवला की डब्यात घोटणारी पाती. आपल्याकडे उन्हाळी सुट्टीत गच्चीवर आळीपाळीने फिरवला जाणारा आइस्क्रीमचा पॉट हा त्याच यंत्राचा वंशज. खडेमीठ आणायला पळालेली, दांडा फिरवून हात भरून आलेली पिढी अजून आपल्या घरांत आहे आणि माळ्यावर कुठेतरी तो पॉटही आहे. तो खाली काढावा. वॉटर आइससाठी त्याच्याइतकं योग्य साधन दुसरं नाही.

आता साखर. नुसतं पाणी शून्य अंशावर सगळंच्या सगळं गोठतं. पाण्यात साखर विरघळवली की गोठण्याची सुरुवात शून्याच्या खाली जाते. पण त्याहून महत्त्वाची गोष्ट पुढे घडते. गोठताना जे कण तयार होतात ते शुद्ध पाण्याचे असतात. साखर आणि रस त्यांच्यात शिरत नाहीत, बाहेर राहतात. जसजसे कण वाढतात तसतसं उरलेलं पाणी अधिकाधिक गोड होत जातं, आणि जितकं गोड तितकी त्याला गोठायला जास्त थंडी लागते. घरच्या फ्रीझरमध्ये उणे १८ अंशांवरसुद्धा हा दाट पाक कणांच्या फटींत न गोठता शिल्लक असतो. डब्यात चमचा शिरतो तो या पाकामुळे. साखर कमी घातली तर पाक कमी उरतो, कण एकमेकांना चिकटतात आणि दगड होतो. जास्त घातली तर पाक इतका उरतो की कण त्यात तरंगत राहतात. मधुमेह किंवा वजन यांचा विचार करून साखर निम्मी करायची इच्छा स्वाभाविक आहे, पण तसं केलं की गोडी कमी होण्याबरोबर पदार्थाची रचनाच मोडते. म्हणून माझा सल्ला सरळ आहे. साखर कमी करू नका, वाटी लहान घ्या.

किती साखर? अनेक फळांवर ताळा करून मी या पुस्तकापुरता एक आकडा धरला आहे: १०० ग्रॅम मिश्रणात एकूण २४ ग्रॅम साखर. २० च्या आसपास गेलात तर काट्याने खरवडण्याजोगा ग्रानिता होईल, ३० कडे गेलात तर सोर्बेत्तोसारखा मऊ. यातला ‘एकूण’ हा शब्द सोडू नये, कारण फळ स्वतःची साखर घेऊन येतं. चांगल्या पिकलेल्या हापूसच्या रसात साधारण १८ टक्के साखर असते, कलिंगडात ९, स्ट्रॉबेरीत ७-८, लिंबाच्या रसात जवळजवळ काहीच नाही. समजा हापूसचा रस ५०० ग्रॅम आहे, पाणी ३०० ग्रॅम आणि लिंबाचा रस एक मोठा चमचा. रसातून ९० ग्रॅम साखर आलेलीच आहे, तेव्हा वरून १४० ग्रॅम पुरते. कलिंगडाचा रस ८०० ग्रॅम घेतला तर त्यात पाणी अजिबात घालायचं नाही, कारण ते फळाने भरपूर आणलेलं असतं, पण साखर मात्र १६५ ग्रॅमच्या आसपास लागते. आंब्यापेक्षा कलिंगडाला वरची साखर जास्त, हे पहिल्यांदा ऐकणाऱ्याला चमत्कारिक वाटतं. वजन करून पाहिलं की पटतं. परदेशात डबाबंद आमरस वापरणाऱ्यांनी डब्यावरचं लेबल आधी वाचावं. त्यात बहुतेक वेळा साखर घातलेली असते आणि ती या हिशेबात धरावीच लागते.

या सगळ्यासाठी एकच नवी वस्तू विकत घ्यावी लागेल: ग्रॅम दाखवणारा छोटा वजनकाटा. वाटीचं माप शिऱ्याला चालतं. इथे बारीक साखरेची वाटी आणि जाड साखरेची वाटी यांच्या वजनातला फरक डब्यात दिसतो. जुने कारागीर काट्याशिवायही अंदाज बांधत. ताजं, स्वच्छ धुतलेलं अंडं मिश्रणात सोडायचं. ते बुडालं तर साखर कमी, आणि तरंगून त्याचा नाण्याएवढा भाग वर दिसला तर मिश्रण ठीक. मी ही रीत करून बघितली आहे, ती काम देते, पण ज्यांच्या घरात अंडं चालत नाही त्यांना काटाच बरा.

चाखण्याचीही एक रीत आहे. थंड जिभेला गोडी कमी कळते. म्हणून मिश्रण गोठवण्याआधी चाखाल तेव्हा ते थोडं जास्तच गोड आणि थोडं जास्तच आंबट लागलं पाहिजे. खोलीच्या तापमानाला जे सरबत म्हणून अगदी बेताचं वाटतं, ते गोठल्यावर फिकं पडतं. आंबटपणा आंब्याला, कलिंगडाला, द्राक्षालाही हवा. लिंबाचे दोन चमचे घातले म्हणून आंब्याला लिंबाची चव येत नाही, आंबा अधिक आंबा लागतो. मिठाची चिमूट मात्र खरोखर चिमूटच असावी. गोठणबिंदू खाली नेण्यात एक ग्रॅम मीठ सुमारे १२ ग्रॅम साखरेचं काम करतं. कोकणातल्या वाचकांसाठी हे मुद्दाम सांगतो. कोकमाच्या आगळात भरपूर मीठ असतं, त्यामुळे आगळाचं वॉटर आइस नीट गोठणार नाही. अमृत कोकम घ्या, किंवा बिनमिठाची ओली फळं उकळून त्यांचा अर्क काढा. अमृत कोकमात साखर आधीच इतकी असते की त्यात फक्त पाणी घालून प्रमाण जुळवायचं.

लिंबाबद्दल थोडं थांबतो, कारण सगळ्या जुन्या दुकानांचा मान लिंबाच्या चवीवर ठरतो. सिसिलीचं लिंबू पिवळं, मोठं, जाड सालीचं असतं आणि त्याचा निम्मा जीव सालीतल्या तेलात असतो. आपलं कागदी लिंबू हे वेगळं फळ आहे. साल पातळ, रस तिखट आंबट, वास अधिक उग्र. तिकडच्या कृतीतली लिंबं मोजून तितकीच कागदी लिंबं घेतली तर गणित चुकेल, म्हणून मी रसाचं माप देतो: पाणी ७०० ग्रॅम, साखर २७५ ग्रॅम, लिंबाचा गाळलेला रस १७५ ग्रॅम. तीन-चार लिंबांची फक्त वरची हिरवी साल अगदी हलक्या हाताने किसून आधी साखरेत चुरायची. साखर ओलसर होते, तिला वास लागतो. सालीखालचा पांढरा थर किसणीला लागला तर कडवटपणा येतो आणि तो थंडीतही लपत नाही. साखर थोड्या गरम पाण्यात विरघळवा, बाकीचं पाणी गार घाला, आणि मिश्रण पूर्ण निवल्यावरच रस मिसळा. तापलेल्या रसाचा ताजेपणा जातो. लिंबं पिळायची तीही आयत्या वेळी.

आपल्या बाजारातलं कुठलं फळ या पदार्थाला उत्तम, याबद्दल माझी ठाम मतं आहेत. जांभूळ पहिलं. त्याचा तुरटपणा थंडीत सौम्य होतो आणि रंग तर बघत राहावा असा. महाबळेश्वरची तुती दुसरी. सिसिलीत काळ्या तुतीचा ग्रानिता इतका मानाचा आहे की आपल्याकडे ही फळं उन्हाळ्यात पुडीत विकली जाऊन तिथेच संपतात याचं मला वाईट वाटतं. स्ट्रॉबेरी शिजवू नये, कच्चीच वाटून गाळावी. नाशिकची काळी द्राक्षं सालासकट वाटली तर रंग आणि धार दोन्ही मिळतात. उसाचा ताजा रस तर या प्रमाणाच्या अगदी जवळचा असतो. त्यात साधारण २० टक्के साखर असते, त्यामुळे लिटरभर रसाला साठ ग्रॅम साखर, लिंबू आणि आल्याचा रस एवढं पुरतं. लिंबू लगेच घालावं, नाहीतर रस काळवंडतो. सीताफळ आणि चिकू यांच्याबद्दल मला शंका आहे. त्यांचा गर दाट, आंबटपणा नाही. त्यांना दुधाचीच सोबत शोभते, म्हणून ती फळं या पुस्तकात नाहीत. केळंही नाही. बाजारातल्या इसेन्सच्या बाटल्या तर नकोतच. ज्या पदार्थात फळ हेच सगळं काही आहे त्यात फळाचा वास बाटलीतून आणायचा असेल, तर तो केलाच कशाला?

गोठवण्याच्या तीन रीती दिल्या आहेत. पहिली सगळ्यांना जमणारी. स्टीलच्या पसरट थाळ्यात किंवा ट्रेमध्ये दोन-तीन सेंटीमीटर उंचीचं मिश्रण ओतायचं, फ्रीझरमध्ये ठेवायचं, आणि कडा गोठू लागल्या की दर अर्ध्या तासाने काट्याने मोडून आत सारायच्या. तीन-चार तासांत ग्रानिता तयार. स्टील घ्या, प्लास्टिकच्या डब्यात थंडी आत शिरायला फार वेळ लागतो आणि जितका वेळ लागेल तितके कण मोठे होतात. दुसरी रीत मिक्सरची. मिश्रण बर्फाच्या ट्रेमध्ये चौकोनी गोठवायचं आणि थोडेथोडे तुकडे थंड भांड्यात, थांबून थांबून फिरवायचे. सलग फिरवलं तर पाती तापते आणि सगळं वितळून सरबत होतं. फिरवलेला भाग लगेच थंड डब्यात काढून आणखी पाऊण तास फ्रीझरमध्ये ठेवला की फिलाडेल्फियाच्या खिडकीतून मिळतो तसा मऊ, चमच्याने उचलता येणारा पदार्थ हाती येतो. तिसरी रीत पॉटची: वजनाने चार भाग फोडलेला बर्फ, एक भाग खडेमीठ, आणि वीस-पंचवीस मिनिटं न थांबता दांडा. मिश्रण आधी फ्रिजमध्ये चांगलं गार केलेलं असावं. डब्याच्या भिंतीला धरलेला बर्फ पाती सतत खरवडत राहते, त्यामुळे कणांना वाढायला सवड मिळत नाही आणि जिभेला ते वेगळे कळत नाहीत. सगळ्या रीतींमागचं तत्त्व हेच: लवकर गोठवा आणि गोठताना स्वस्थ बसू देऊ नका.

साठवण्याबद्दल फार अपेक्षा ठेवू नये. फ्रीझरचं दार उघडझाप झालं, वीज गेली आली, की बारीक कण वितळतात आणि पुन्हा गोठताना मोठ्या कणांना जाऊन चिकटतात. चार दिवसांत मऊपणा जातो. हा काही बिघाड नव्हे, या पदार्थाचा स्वभाव आहे, आणि मोठ्या कारखान्यांत त्यावर उपाय म्हणून डिंकासारखे पदार्थ घालतात. घरी त्याची गरज नाही. साखरेच्या दहाव्या भागाऐवजी मध घातला तर मऊपणा थोडा जास्त टिकतो, पण मधाची चव लिंबाला आणि आल्याला जमते, आंब्याला नाही. कडक झालेला डबा फेकू नका, तुकडे करून मिक्सरमध्ये एकदा थांबून थांबून फिरवा. वाढण्याआधी दहा मिनिटं डबा फ्रीझरमधून खालच्या खणात आणून ठेवा, कारण उणे १८ अंशांना फळाची चव जिभेवर येतच नाही. ती उणे आठ-दहाच्या आसपास येते. वाट्याही आधी गार करून ठेवाव्यात.

उपासाच्या दिवशी, दूध न चालणाऱ्या पाहुण्यांसाठी, पंगतीत दोन पदार्थांच्या मध्ये तोंड साफ करायला हा पदार्थ उपयोगी पडतो. पुस्तकाच्या शेवटी बत्तीस फळांचा तक्ता दिला आहे: साधारण साखर, पाणी घालायचं की नाही, लिंबू किती. त्यातले आकडे सरासरीचे आहेत आणि तुमच्या हातातलं फळ सरासरी असेलच असं नाही. सुरुवात लिंबापासून करा, कारण त्यात फळाची साखर धरावी लागत नाही आणि चूक झाली तर ती कुठे झाली ते लगेच कळतं. मग कलिंगड, मग आंबा. करवंद, तोरणं, अळू अशी जी फळं बाजारात कमी येतात आणि ज्यांची मापं मला खात्रीने देता आली नाहीत, ती तक्त्यात घातलेली नाहीत. त्यांच्यासाठी खाली रिकाम्या ओळी आहेत. ज्यांच्या गावात ती पिकतात त्यांनी रस काढून, वजन करून, पहिला डबा गोठवून बघावा आणि जमलेलं माप तिथे पेनाने लिहून ठेवावं.